पोस्टमनचा पट्टा

नवी वस्तू जुनी करून देणं हा तिचा धंदा. म्हणून चित्रीकरणाच्या आवारात लहानथोर सगळे तिला जुनीमावशी म्हणत. वयानं ती काही फार जुनी नव्हती, सेहेचाळिसावं चालू होतं. कपडेपटाच्या मागं एक खिडकी आणि दोन नळ असलेली खोली होती, तिथं ती बावीस वर्षं बसत होती. दुकानातून सकाळी करकरीत कोट यायचा. दुसऱ्या दिवशी तो बाहेर पडायचा तेव्हा एखाद्या थकलेल्या माणसानं दहा वर्षं अंगावर वागवल्यासारखा दिसायचा. कोपरांवर खरखरीत दगड, कॉलरच्या घडीवर चहाचं पाणी आणि खिशात ओल्या वाळूच्या दोन मुठी, म्हणजे खिसे लोंबू लागतात.

"नुसतं मळवलं की वस्तू जुनी होत नाही, घाणेरडी होते," असं ती नव्या पोरींना सांगायची. वस्तू कोणी वापरली आणि कशी वापरली हे आधी कळलं पाहिजे. त्यासाठी तिनं कार्डांची पद्धत पाडली होती. कोणतीही वस्तू हातात घेण्याआधी ती पुठ्ठ्याच्या कार्डावर चार ओळी लिहायची: कोणाची, किती वर्षं वापरातली, तो माणूस दिवसभर करतो काय. खाली सही. कार्ड वस्तूला बांधलं की मग डोकं बाजूला ठेवायचं आणि हातांना काम करू द्यायचं.

बाईसाहेबांच्या लहानपणावरची मालिका सुरू झाल्यापासून मात्र त्या आवारात सगळ्यांच्याच तोंडाला कुलूप लागलं होतं. बाईसाहेब म्हणजे देशाच्या प्रमुख. त्यांचे वडील पोस्टमन होते, हे पहिलीतल्या पोरालाही पाठ. चौकात त्यांचा पुतळा होता, खांद्यावर पिशवी, हातात पत्र. खाली कोरलं होतं: ज्यांच्या हातून कधी पत्र हरवलं नाही, ज्यांच्या तोंडून कधी कठोर शब्द निघाला नाही. मालिकेचं पान न् पान माहिती खात्याचा एक साहेब वाचायचा आणि खाली शिक्का मारायचा. शिक्क्याशिवाय पोस्टमनला शिंकायचीही परवानगी नव्हती. सगळे त्याला शिक्केसाहेब म्हणत, अर्थात तो गेल्यावर, आणि तेही दार लावून.

दिव्यांवर काम करणारा एक जण होता, जिभेला हाड नसलेला. एकदा पोस्टमनचं काम करणाऱ्या नटाच्या मागं दिवा लावता लावता तो म्हणाला, "आणखी एक लावू का? मग पत्रं आपणहून चालत घरोघर जातील." आठ-दहा माणसं हसली. दुसऱ्या दिवशी त्याच्या शिडीवर वेगळाच माणूस होता. तो कुठं गेला हे कुणी विचारलं नाही. विचारणार कोण, आणि कुणाला? त्याचं जाकीट मावशीच्या खोलीतल्या खुंटीवर तसंच राहिलं होतं. आठवड्यानं त्याची बायको फाटकापाशी आली आणि म्हणाली, "निदान जाकीट तरी द्या. थंडी पडलीय. जिथं असेल तिथं पोचवतील म्हणे." मावशीनं जाकीट दिलं, पण तिच्या तोंडाकडं बघायचं धाडस काही झालं नाही.

आणि मंगळवारी सकाळी शिक्केसाहेब स्वतः तिच्या दारात उभा राहिला.

तो कधी मागच्या खोल्यांकडे फिरकत नसे. पॉलिशच्या वासानं त्याला ठसका लागला.

"पोस्टमनचा पट्टा," तो म्हणाला. "भिंतीवर टांगलेला होता तो. काढा."

मावशीनं पेटीतून पट्टा काढून टेबलावर ठेवला. चामड्याचा, रुंद, पितळी बकलाचा. महिन्यापूर्वी नवा आणला होता. तिनंच भिजवून, वाकवून, दगडाखाली दाबून, पॉलिश चोळून नऊ वर्षांचा केला होता.

"हा असा का आहे?"

"असा म्हणजे, साहेब?"

शिक्केसाहेबाला ते सांगता येईना. त्यानं पट्टा उलटा केला, सुलटा केला. तेव्हा तिच्या ध्यानात आलं की आपण नेमकं काय विचारतोय हे त्यालाही माहीत नाही. वरून निरोप आलाय आणि हा पोपटासारखा तो म्हणून दाखवतोय.

"बाईसाहेबांच्या धाकट्या भगिनींनी काल भाग पाहिला," तो म्हणाला. "दाराआडच्या खिळ्यावर पट्टा दिसला आणि त्यांनी टीव्ही बंद केला. मग फोन केला. दोनच प्रश्न विचारले. पट्टा कुणी केला? आणि त्याला कुणी सांगितलं?"

मावशीनं पट्ट्याकडं पाहिलं. खरं तर पहिल्यांदाच पाहिलं.

रोज कमरेला लावलेला पट्टा भोकांपाशी भेगाळतो. हा भोकांपाशी जवळजवळ कोरा होता. याच्या भेगा बकलाच्या बाजूला होत्या. बकलापासून चार बोटांवर एक आडवी मोड, तिच्यापुढं चार बोटांवर दुसरी. पट्टा मुठीभोवती दोनदा गुंडाळला की पडतात तशा. आणि शेपटाचं टोक पांढरं पडून फुलारलं होतं. कमरेवरच्या पट्ट्याचं टोक कधी असं फुलारत नाही.

हे तिनं ठरवून केलं नव्हतं. कार्डावर तिच्याच अक्षरात लिहिलं होतं: पोस्टमन, नऊ वर्षं, रोज चालतो. बाकीचं सगळं हातांनी केलं होतं. तिच्या हातांना जन्मात एकच जुना पट्टा माहीत होता.

"कुणी सांगितलं?" शिक्केसाहेबानं पुन्हा विचारलं.

"कुणी नाही, साहेब. जुना करायचा म्हणून केला."

"असं नसतं. कुणीतरी सांगितल्याशिवाय इथं काही होत नाही." त्यानं पट्टा आणि कार्ड दोन्ही पाकिटात घातलं. "उद्या अकरा वाजता खात्यात या. तिसरा मजला. भगिनी स्वतः येणार आहेत. नाव घेऊन या."

तो गेला आणि मावशीला खुर्चीवर बसावं लागलं. इस्त्रीवाली धावत आली, मागोमाग कपडेपटाचे मास्तरही आले. मास्तर भला माणूस, पण वारा बघून पाठ फिरवणारा.

"कुणाचं तरी नाव लागणारच," मास्तर हळूच म्हणाले. "माझं नको घेऊस, बाई. मला दोन पोरी आहेत."

"तुमचं कशाला घेईन?"

"दिवेवाल्याचं घे ना," इस्त्रीवाली म्हणाली. तिनं आधी दाराकडं पाहिलं. "तो तर गेलाच आहे. म्हणावं, त्यानंच सांगितलं, पट्टा असा असा कर. बुडालेल्याच्या डोक्यावर पाय ठेवला तर त्याचं काय आणखी बुडणार आहे?"

"आणि तो अजून बुडालेला नसेल तर?"

मग मास्तर म्हणाले, "तसं कुणी परत आल्याचं मी तरी ऐकलं नाही." हे त्यांनी तिला धीर द्यायला म्हटलं होतं. धीर देण्याची ती काय तऱ्हा!

घरी पोचली तेव्हा सहा वाजत होते. आप्पा टीव्हीसमोर बसले होते. आप्पा म्हणजे तिचे वडील. आई गेल्यापासून सहा वर्षं तिच्याकडेच होते. गोदामावर पहारेकरी म्हणून आयुष्य काढलेला उंच माणूस आता अर्ध्या खुर्चीत मावत होता. तिची लेक जमिनीवर बसून त्यांची नखं कापत होती. आजोबांवर पोरीचा भारी जीव. त्यांना पहाटे गरम पाणी तीच द्यायची, वर्तमानपत्र तीच वाचून दाखवायची. "असे आजोबा कुणाला मिळतात?" असं मैत्रिणींना सांगायची. आणि आप्पा खरंच तिच्यावर कधी ओरडले नव्हते. तो पट्टा मावशीच्या वाट्यालाच संपला होता.

कालचाच भाग पुन्हा लागला होता.

"ये, ये," आप्पा म्हणाले. "बघ, बाप कसा असावा! अशा माणसाच्या घरात वाढल्या म्हणून पोरी देश चालवतात."

पडद्यावर पोस्टमन घरी आला. पिशवी ठेवली. टोपी काढली. पट्टा सोडून दाराआडच्या खिळ्याला अडकवला, आणि पडद्यावर थोडा वेळ फक्त तो पट्टा राहिला. जेमतेम चार सेकंद. मावशी पडद्याकडं बघतच नव्हती. ती आप्पांकडं बघत होती.

आप्पा बोलता बोलता थांबले.

"आजोबा, मूठ उघडा ना!" लेक म्हणाली. "नखं कशी कापू?"

आप्पांनी आपल्या हाताकडं पाहिलं, दुसऱ्या कुणाचा असावा तसं. मग बोटं एक एक करून सरळ केली. "तुझी आई लहानपणी फार हट्टी होती," ते नातीला म्हणाले. मग टीव्हीचा आवाज वाढवला.

मावशी स्वयंपाकघरात गेली. हात धुतले, पुन्हा धुतले. नवरा पाणीखात्यात मीटर वाचायचा, तो दमून आला होता. भाजी चिरत बसला होता. तिनं त्याला सगळं सांगितलं. म्हणजे शिक्केसाहेब, अकरा वाजता, तिसरा मजला, दिवेवाल्याचं नाव, इतकं सांगितलं. पट्ट्याचं सांगितलं नाही.

"अगं, पण पट्ट्यात एवढं काय आहे?"

"मोडी चुकीच्या ठिकाणी पडल्यात."

"मग सांग ना खरं ते! कुणी नाही सांगितलं, माझ्याच डोक्यातून आलं."

"डोक्यात कुठून आलं, असं विचारतील. तेव्हा काय सांगू?"

नवऱ्याची सुरी थांबली. बाहेरून टीव्हीचा आवाज येत होता, पोस्टमन मुलींना गोष्ट सांगत होता. नवऱ्यानं दाराच्या फटीतून आप्पांच्या पाठीकडं पाहिलं. बराच वेळ पाहिलं.

"तू सायकलवरून पडली होतीस म्हणालीस," तो म्हणाला. "लग्नानंतर मी विचारलं होतं तेव्हा."

"हो."

"दोन्ही पोटऱ्यांवर? एकसारखे वण?"

तिनं नळ मोठा सोडला. जेवायला बसताना रोज आप्पांचं ताट नवरा वाढायचा, त्या दिवशी लेकीला वाढायला सांगितलं.

तिला झोप लागली नाही. तिला दोन गोष्टींची भीती वाटत होती, आणि तिसरी त्या दोहोंपेक्षा मोठी होती. खोटं सांगितलं तर दिवेवाल्याची बायको फाटकाशी उभी राहणार. काहीच नाही सांगितलं तर आपणच उद्या कुणाच्या तरी खुंटीवरचं जाकीट होणार. आणि खरं सांगायचं तर ते कधी कुणालाच सांगितलं नव्हतं, आईलाही नाही, जी भिंतीपलीकडे उभी राहून सगळं ऐकायची.

तिसऱ्या मजल्यावर लांबलचक बोळ होता. एका बाजूला बाकं, दुसऱ्या बाजूला सारखी दारं. अकराला बोलावलं होतं, बाराला आत घेतलं. तो एक तास मुद्दाम ठेवलेला असतो हे तिला ठाऊक होतं. पण ठाऊक असल्यानं तळहाताचा घाम थोडाच थांबतो?

आत शिक्केसाहेब टेबलाच्या कडेला उभा होता. खुर्चीत साठीच्या घरातल्या एक बाई बसल्या होत्या. साधा राखी कोट, मांडीवर पर्स, पर्सवर दोन्ही हात. या धाकट्या बाई. त्यांच्यासमोर कागदावर पट्टा होता, पण त्या पट्ट्याकडं बघत नव्हत्या.

"हा तुम्ही केलात?"

"हो, बाई."

"नाव आणलंय का?" शिक्केसाहेबानं पेन उघडलं.

दिवेवाल्याचं नाव तिच्या जिभेवर होतं. रात्रभर घोळवून मऊ करून ठेवलेलं. तोंड उघडलं की आपोआप बाहेर पडलं असतं. तिनं तोंड उघडलं, आणि थंडी पडलीय, हेच शब्द कानात वाजले.

"माझे वडील," ती म्हणाली.

"तुमचे वडील?" शिक्केसाहेब लिहायला वाकला. "ते पोस्टमनसाहेबांना कुठून ओळखत होते? कोणत्या साली? पत्ता?"

"ओळखत नव्हते."

"मग माहिती कशी दिली?"

"तुम्ही बाहेर थांबा," धाकट्या बाई म्हणाल्या.

"पण नोंद..."

"बाहेर."

दार लागलं. धाकट्या बाईंनी पट्टा दोन बोटांनी तिच्याकडं सरकवला, ताटातला केस सरकवावा तसा.

"धरून दाखवा."

मावशीनं पट्टा उचलला. बक्कल तळहातात घेतलं, त्यावर मूठ मिटली, आणि पट्टा मुठीभोवती गुंडाळला. एकदा. दुसऱ्यांदा. मोडी बरोबर बोटांच्या पेरांवर बसल्या. शेपूट खाली लोंबू लागलं.

धाकट्या बाईंची खुर्ची मागं सरकली. साठ वर्षांची बाई, खाली दोन गाड्या आणि चार पहारेकरी उभे असलेली, आणि तिची खुर्ची भिंतीला जाऊन टेकली. मावशीनं घाईघाईनं पट्टा सोडून खाली ठेवला. "मी नाही, बाई, मी नाही," असं काहीतरी ती बोलून गेली.

धाकट्या बाईंची नजर आता पट्ट्यावरून हलेना.

"बक्कल मुठीत," धाकट्या बाई शेवटी म्हणाल्या. "आमची आई म्हणायची, ते बक्कल मुठीत ठेवतात, हे त्यांचे उपकार."

"माझीही म्हणायची."

"तुम्ही एकट्याच?"

"हो. भावंड नाही."

"आम्ही दोघी. एकीनं आवाज केला की दुसरीची पाळी यायची. म्हणून थोरली कधी आवाज करायची नाही. अजूनही करत नाही. लोक म्हणतात, केवढा संयम..."

बोलता बोलता त्यांनी स्वतःचं तोंड हातानं झाकलं. आत्तापर्यंत मावशीला भीती होती ती आपण काही केल्याची. आता आपण काही ऐकलं होतं, आणि केलेलं पुसता येतं, ऐकलेलं पुसता येत नाही. समोरच्या बाईही तेवढ्याच घाबरलेल्या दिसल्या. त्यांनी हात खाली घेतला तेव्हा चेहरा बंद झाला होता, दुकानाची फळी ओढावी तसा.

"आमच्या वडिलांनी कधी कुणावर हात उगारला नाही," त्या म्हणाल्या.

"नाही, बाई."

"सगळ्या देशाला माहीत आहे."

"हो, बाई."

"तुम्ही इथं काय ऐकलंत?"

"पट्टा बरोबर झाला नाही, एवढंच."

धाकट्या बाईंनी तिच्याकडं नीट पाहिलं. मग कार्ड पर्समध्ये ठेवलं, सहीसकट. पट्टाही ठेवला. पर्सची कडी लावली. "हे माझ्याकडे राहील. तुम्ही तुमच्या कामावर राहा. मला रोज कळत राहील की तुम्ही कामावर आहात." याला दया म्हणावं की पहारा, हे मावशीला पुढंही कधी ठरवता आलं नाही. "नवा पट्टा करा. संध्याकाळपर्यंत. तेवढाच भाग पुन्हा घेतील. सभ्य माणसाचा पट्टा करा."

शिक्केसाहेब गाडीतून तिच्यासोबतच परत आला. नवा पट्टा कसा होतो, हे त्याला डोळ्यांनी बघायचा हुकूम होता. कपडेपटात ती शिरली तशी इस्त्रीवालीनं तिला आपादमस्तक न्याहाळलं, सगळे अवयव जागेवर आहेत ना अशा नजरेनं. मास्तरांनी मापाच्या वहीत डोकं खुपसलं.

मावशीनं कोरं चामडं भिजवलं. कार्ड घेतलं. लिहिलं: पोस्टमन, नऊ वर्षं, सभ्य. आणि तिथंच अडली. सभ्य माणसाचा पट्टा कुठं झिजतो? बावीस वर्षांत ती कशाला अडली नव्हती. शिपायाचा कोट, भिकाऱ्याची झोळी, राणीचा हातमोजा, सगळं हातांना येत होतं. हे येईना. चामडं हातात घेतलं की बोटं आपोआप बकलाकडं जात, चार बोटं मोजत. तिनं दोनदा चामडं खाली ठेवलं. तिला आपल्याच हातांची भीती वाटू लागली.

शेवटी तिनं मास्तरांच्या टेबलावरून नवऱ्याला फोन लावला.

"अहो, तुमचा पट्टा पाठवून द्या."

"तू ठीक आहेस ना?" तो ओरडलाच. "कुठून बोलतेस? सोडलं का?"

"कामावरून बोलतेय. पट्टा हवाय. अंगावरचाच."

"अगं, मी रस्त्यात मीटर वाचतोय! पँट हातानं धरून वाचू का?"

"दोरी बांधा. काहीही करा."

अर्ध्या तासानं तो स्वतःच फाटकापाशी आला. कमरेला सुतळी बांधलेली. आत सोडेनात तेव्हा त्यानं पट्टा फाटकाच्या गजांतून दिला. तिचा हात पट्ट्यासकट धरून ठेवला आणि पहारेकरी खाकरल्यावर सोडला.

पट्टा तिनं खिडकीच्या उजेडात पसरला. स्वस्तातला, तपकिरी. तिसऱ्या भोकाशी एक जुनी भेग, आणि पोट सुटल्यावर चौथ्याशी नवी. डाव्या बाजूला मीटरच्या वहीनं घासून गुळगुळीत झालेला पट्टा. बकलाच्या बाजूला काही नाही. टोक आणल्या दिवशीसारखं. एवढंच. वीस वर्षं हा पट्टा रोज तिच्या डोळ्यांसमोर दाराला लटकत होता आणि तिनं तो कधी पाहिला नव्हता. दाराला लटकणाऱ्या पट्ट्याकडं बघायचं नाही, ही सवय तिला त्याच्याही आधीची.

ती कामाला लागली. भोकाशी चामडं वाकवायचं, सोडायचं, पुन्हा वाकवायचं. शिक्केसाहेब तिच्या खुर्चीमागं उभा राहून, वाकून बघत होता. त्याचा श्वास तिच्या मानेला लागत होता. दर वेळी तो जरा हलला की तिची पाठ ताठ व्हायची, आणि बोटं बकलाकडं सरकायची. पहिला तुकडा फुकट गेला. दुसऱ्याला हात लावला आणि पुन्हा तेच. संध्याकाळ जवळ येत होती.

तिनं चामडं टेबलावर ठेवलं.

"साहेब," ती म्हणाली, "मागं उभे राहू नका."

"काय?"

"तुम्ही समोर या. मला दिसाल असे बसा. नाहीतर हा पट्टा होणार नाही."

दारात इस्त्रीवालीनं श्वास रोखला. शिक्केसाहेबानं मनगटावरच्या घड्याळाकडं पाहिलं, खिडकीकडं पाहिलं, आणि स्टूल उचलून टेबलाच्या पलीकडे जाऊन बसला. गुडघ्यांवर हात ठेवून, बोलावलेल्या माणसासारखा.

मावशीनं हात मांडीवर पुसले, त्याच्या हातांवर नजर ठेवली आणि तिसऱ्या भोकाशी पहिली मोड घातली.